विणकर, बँक आणि विधिमंडळ : विल्यम फिंडली यांच्याविषयी वाचकांचे प्रश्न

अमेरिकेच्या आरंभीच्या विधिमंडळांविषयी आलेल्या पत्रांपैकी काही पत्रे एकाच व्यक्तीभोवती फिरत असल्यामुळे त्यांना या वेळी एकत्र उत्तर देत आहोत. ही व्यक्ती म्हणजे पेनसिल्व्हेनियाच्या पश्चिम सरहद्दीवरील शेतकरी, विणकर आणि पुढे काँग्रेसचे सदस्य झालेले विल्यम फिंडली.

प्रश्न : अमेरिकेच्या स्थापनेच्या काळातील जी नावे आपल्यापर्यंत पोहोचतात, ती बहुतेक जमीनदारांची, वकिलांची आणि बड्या व्यापाऱ्यांची असतात. त्या पिढीत कॉलेजचे तोंड न पाहिलेला, हाताने काम करून पोट भरणारा कोणी काँग्रेसपर्यंत पोहोचला होता काय? (एक वाचक, कराड)

पोहोचला होता, आणि एकटाच नव्हता. कनेक्टिकटचे रॉजर शर्मन यांनी चांभारकामापासून सुरुवात केली होती. मात्र ते पुढे वकील आणि न्यायाधीश झाले, म्हणजे ज्या वर्गाचा तुम्ही उल्लेख करता त्यातच सामील झाले. फिंडली यांचे तसे झाले नाही. त्यांनी वकिली केली नाही, व्यापारी पेढी काढली नाही, आणि विरोधकांनी 'विणकर' म्हणून केलेली हेटाळणी आयुष्यभर सोसली.

त्यांचा जन्म १७४१ च्या सुमारास आयर्लंडच्या उत्तरेकडील अल्स्टर प्रांतात एका प्रेस्बिटेरियन (प्रॉटेस्टंट ख्रिस्ती पंथाच्या) कुटुंबात झाला. औपचारिक शिक्षण थोडे होते. घरातल्या पुस्तकांवर, विशेषतः धर्म आणि इतिहास यांवरील ग्रंथांवर, त्यांची बुद्धी पोसली गेली. १७६३ साली, विशी नुकतीच उलटलेली असताना, ते पेनसिल्व्हेनियात आले. मागावर कापड विणून, काही काळ शाळेत शिकवून त्यांनी पैसा जोडला आणि कंबरलँड खोऱ्यात शेत घेतले. इंग्लंडशी युद्ध सुरू झाल्यावर ते प्रांतिक शिबंदीत दाखल झाले आणि कॅप्टनच्या हुद्द्यापर्यंत चढले. युद्ध संपत आले तेव्हा ॲलेगेनी पर्वतरांग ओलांडून ते कुटुंबासह वेस्टमोरलंड परगण्यात गेले आणि आजच्या लॅट्रोब गावाजवळ त्यांनी शेती थाटली. फिलाडेल्फिया तेथून अडीचशे मैलांहून दूर होते आणि मध्ये डोंगरातून जाणाऱ्या, बहुतांशी लादलेल्या घोड्यांच्याच उपयोगाच्या वाटा होत्या.

अशा ठिकाणच्या माणसाला विधिमंडळाचे दार उघडले ते पेनसिल्व्हेनियाच्या १७७६ च्या राज्यघटनेने. त्या काळाच्या मानाने ती फारच उदार होती. कर भरणाऱ्या एकवीस वर्षांवरील स्वतंत्र पुरुषांना तिने मताधिकार दिला, विधिमंडळ एकाच सभागृहाचे ठेवले, आणि करदात्यांच्या संख्येनुसार प्रतिनिधी देऊन पश्चिमेकडील परगण्यांची जुनी उपेक्षा दूर केली. त्याआधी प्रांताची सभा फिलाडेल्फिया आणि तिच्या आसपासच्या जुन्या परगण्यांच्या मुठीत होती. फिंडली यांच्यातील गुणांचे महत्त्व कमी करण्याचा हेतू नाही, परंतु ते दहा वर्षे आधी जन्मले असते तर त्यांचे नाव कदाचित चर्चच्या नोंदवहीबाहेर कोठेही सापडले नसते.

वेस्टमोरलंडच्या मतदारांनी १७८३ साली त्यांना राज्यघटनेच्या अंमलबजावणीची तपासणी करणाऱ्या 'सेन्सर मंडळा'वर पाठवले. त्यानंतर राज्याची विधानसभा, राज्याचे सर्वोच्च कार्यकारी मंडळ आणि १७८९-९० ची नवी राज्यघटना बनवणारी परिषद अशा पायऱ्या चढत ते १७९१ मध्ये काँग्रेसच्या प्रतिनिधिगृहात गेले. १७९९ ते १८०३ ही राज्याच्या सिनेटमधील वर्षे वगळता ते १८१७ पर्यंत तेथेच राहिले. एकंदर बावीस वर्षांच्या या सेवेमुळे 'सभागृहाचे पितामह' हा मान मिळालेले ते पहिले सदस्य ठरले. एप्रिल १८२१ मध्ये आपल्या शेतावरच्या गावीच त्यांचा मृत्यू झाला.

प्रश्न : अमेरिकेतील राजकारणावरील एका व्याख्यानात 'हितसंबंधांचे राजकारण फिंडलीने सुरू केले' असे वाक्य ऐकले. हे त्यांचे गुणवर्णन समजायचे की दूषण? (एक प्राध्यापिका, नागपूर)

वक्त्याने ते कोणत्या सुरात म्हटले होते ते आम्हाला सांगता येणार नाही. परंतु ज्या प्रसंगावरून हे म्हटले जाते तो थोडा विस्ताराने सांगण्याजोगा आहे, कारण फिंडली यांच्या साऱ्या कारकिर्दीत तोच सर्वांत मोलाचा आहे असे आमचे मत आहे.

युद्धाच्या अखेरच्या वर्षांत रॉबर्ट मॉरिस हे अमेरिकेचे वित्त अधीक्षक होते. देशातील सर्वांत धनाढ्य व्यापाऱ्यांत त्यांची गणना होत असे. त्यांच्या पुढाकाराने काँग्रेसने ३१ डिसेंबर १७८१ रोजी 'बँक ऑफ नॉर्थ अमेरिका'ला सनद दिली, आणि पुढच्याच वर्षी पेनसिल्व्हेनियानेही स्वतःची सनद तिला दिली. बँक फिलाडेल्फियात होती. ती महिना-दीड महिन्याच्या मुदतीने व्यापाऱ्यांना कर्जे देई, जी जहाजावर माल चढवणाऱ्याच्या सोयीची आणि पेरणीनंतर पिकाची वाट पाहणाऱ्याच्या मुळीच कामाची नव्हती. शेतकऱ्याला जमिनीच्या तारणावर काही वर्षांचे कर्ज हवे होते, आणि राज्याने काढलेल्या कागदी चलनातून तशी सोय होण्याची आशा त्याला वाटत होती. बँकेने मात्र त्या चलनाकडे पाठ फिरवली. त्यातच सनद बेमुदत होती आणि तिने बँकेला एक कोटी डॉलरपर्यंत मालमत्ता बाळगण्याची मुभा दिली होती. सप्टेंबर १७८५ मध्ये विधानसभेने सनद रद्द केली. ती परत मिळवण्यासाठी स्वतः मॉरिस निवडणूक लढवून सभागृहात आले, आणि मार्च १७८६ च्या अखेरीस त्या प्रश्नावर कडाक्याचा वादविवाद झाला. मॅथ्यू कॅरी या मुद्रकाने तो छापून प्रसिद्ध केल्यामुळे आज आपल्याला वाचता येतो.

मॉरिस आणि त्यांचे सहकारी यांची भूमिका अशी होती की, आम्ही येथे निःस्वार्थ बुद्धीने, केवळ राज्याच्या हितासाठी बोलत आहोत. त्या काळाच्या सभ्य समाजात या बोलण्याला मोठे वजन होते. ज्याच्याजवळ पुरेशी संपत्ती आहे, ज्याला पोटासाठी काही करावे लागत नाही, तोच सार्वजनिक प्रश्नांकडे निर्लेप दृष्टीने पाहू शकतो, आणि म्हणून राज्यकारभार अशाच लोकांच्या हाती असावा, ही समजूत तेव्हा जवळजवळ स्वयंसिद्ध मानली जात होती. फिंडली यांनी नेमके तेथेच बोट ठेवले. त्यांच्या म्हणण्याचा आशय असा : हे गृहस्थ बँकेचे भागधारक आहेत, सनद राहिली तर यांचा फायदा आहे, आणि म्हणून ते सनदेची बाजू मांडत आहेत. यात लाजण्यासारखे काही नाही. त्यांच्या जागी दुसरे कोणी असते तर त्यांनीही हेच केले असते. स्वतःचे गाऱ्हाणे या सभागृहात मांडण्याचा त्यांना पूर्ण अधिकार आहे. पण मांडणारा आणि निवाडा देणारा एकच असू शकत नाही, आणि आपल्या फायद्याच्या गोष्टीला निःस्वार्थीपणाचे नाव देऊन इतरांनी ती मुकाट्याने मान्य करावी अशी अपेक्षा त्यांनी करू नये.

तराजूच्या पारड्यात आपला माल घालायचा आणि काट्यावरही आपलाच हात ठेवायचा, यातला जो अप्रामाणिकपणा कोणत्याही बाजारात चटकन लक्षात येतो, तो सभागृहात प्रतिष्ठेच्या पडद्याआड दडून राहिला होता. फिंडली यांनी तो उघड केला. या युक्तिवादाची दुसरी बाजू अधिक दूरवर जाणारी होती. श्रीमंतालाही स्वार्थ असतो हे एकदा मान्य केले की, निर्णय घेण्याची त्याची खास पात्रता संपते. मग विणकराने विणकरांच्या आणि शेतकऱ्याने शेतकऱ्यांच्या हितासाठी उघडपणे निवडून यावे, आपण कोणासाठी बोलतो ते सांगावे, आणि मतदारांनी ते तोलून पाहावे, यात गैर काहीच उरत नाही. अनेक इतिहासकार या वादविवादाला आधुनिक प्रातिनिधिक राजकारणाच्या आरंभीच्या खुणांपैकी एक मानतात ते यामुळे.

आता दूषणाकडे वळू. फिंडली हे स्वतःही निर्लेप नव्हते. कागदी चलन आणि सुलभ कर्ज यांत त्यांच्या मतदारसंघाचा उघड फायदा होता, आणि त्या चलनाची किंमत घसरल्यावर ज्यांचे नुकसान होत असे अशा विधवा, नोकरदार, छोटे सावकार यांच्याविषयी त्यांनी तितक्या कळकळीने विचार केल्याचे दिसत नाही. परंतु त्यांनी निःस्वार्थीपणाचा दावा केला नव्हता, म्हणून निदान दांभिकतेचा आरोप त्यांच्यावर लागू होत नाही. मतदानात त्या वेळी बँकेची बाजू हरली. पुढल्या वर्षी, मार्च १७८७ मध्ये, सभागृहाचा रंग बदलल्यावर तिला चौदा वर्षांची आणि वीस लाख डॉलर भांडवलाची मर्यादा असलेली नवी सनद मिळाली. विरोधकांचे अर्धे म्हणणे त्या मर्यादांमध्ये उतरले होते. मॉरिस यांचे पुढे जमिनीच्या सट्ट्यात दिवाळे वाजले आणि १७९८ पासून तीन वर्षे त्यांना फिलाडेल्फियातील ऋणकोंच्या तुरुंगात काढावी लागली.

याच सुमारास प्रिन्स्टनला शिकलेले वकील ह्यू हेन्री ब्रॅकेनरिज हेही पश्चिमेकडूनच विधानसभेत आले होते. ते बँकेच्या बाजूला वळले. 'लोक मूर्ख आहेत, मॉरिसना मोकळे सोडले तर ते पेनसिल्व्हेनियाला मोठे करतील' अशा अर्थाचे त्यांचे भोजनप्रसंगीचे उद्गार फिंडली यांनी 'पिट्सबर्ग गॅझेट'मधून मतदारांपुढे ठेवले. १७८७ मध्ये तयार झालेल्या अमेरिकेच्या राज्यघटनेला मंजुरी देणाऱ्या राज्य परिषदेच्या निवडणुकीत मतदारांनी ब्रॅकेनरिज यांना नाकारून फिंडली यांना निवडले. ब्रॅकेनरिज यांनी सूड घेतला तो लेखणीने : सुशिक्षित माणसाला डावलून अडाणी विणकराला निवडून देणाऱ्या मतदारांची त्यांनी आपल्या कादंबरीत मनसोक्त टिंगल केली.

प्रश्न : ज्या घटनेला त्यांनी विरोध केला, त्याच घटनेने निर्माण केलेल्या काँग्रेसमध्ये ते बावीस वर्षे बसले. ही विसंगती नव्हे काय? (एक वकील, पुणे)

विसंगती म्हणण्यापूर्वी विरोध कशाला होता ते पाहावे लागेल. १७८७ च्या घटना परिषदेवर पेनसिल्व्हेनियाने जे आठ प्रतिनिधी पाठवले ते सगळे फिलाडेल्फियाचे होते. तेथे जाण्याविषयी आपल्याला विचारले गेले होते, पण मानधन मिळणार नसल्याचे कळल्यावर आपण नकार दिला, असे फिंडली यांनी पुढे सांगितले आहे. मसुदा प्रसिद्ध झाल्यावर राज्य विधानसभेतील बहुमताने मंजुरी परिषद घाईने बोलावण्याचा घाट घातला, तेव्हा विरोधी सदस्यांनी गणपूर्ती मोडण्यासाठी सभागृहात येणेच टाळले. अखेर २९ सप्टेंबर १७८७ रोजी जमावाने त्यांच्यापैकी दोघांना बिऱ्हाडातून ओढत आणून बसवले आणि ठराव संमत झाला.

मंजुरी परिषदेत फिंडली, जॉन स्मायली आणि रॉबर्ट व्हाइटहिल या तिघांनी विरोधाची धुरा वाहिली. हक्कांची सनद नाही, केंद्राची सत्ता राज्यांना गिळून टाकील, आणि प्रतिनिधिगृहात सदस्य इतके थोडे की त्यात सामान्य शेतकऱ्याला जागा मिळणार नाही, हे त्यांचे मुख्य आक्षेप होते. दिवाणी खटल्यांत ज्यूरीची हमी नसल्याबद्दल बोलताना फिंडली यांनी स्वीडनचा दाखला दिला : तेथे पूर्वी ज्यूरीची पद्धत होती आणि ती लोपली तेव्हा सामान्य लोकांचे स्वातंत्र्यही लोपले. राज्याचे सरन्यायाधीश टॉमस मॅकीन आणि नामांकित कायदेपंडित जेम्स विल्सन या दोघांनी ही माहिती चुकीची ठरवून फिंडली यांना खोटे पाडण्याचा प्रयत्न केला. काही दिवसांनी फिंडली सभागृहात आले ते ब्लॅकस्टन यांच्या इंग्लिश कायद्यावरील ग्रंथाचा तिसरा खंड काखोटीला मारून, आणि जो ग्रंथ कायद्याचा प्रत्येक विद्यार्थी वाचतो त्यातला उतारा त्यांनी दोघा पंडितांना वाचून दाखवला. विल्सन यांना चूक कबूल करावी लागली. तरी ज्यांचे ज्ञान मोजके असते त्यांना ते लक्षात ठेवणे सोपे जाते, अशा अर्थाचा टोमणा त्यांनी मारलाच.

१२ डिसेंबर १७८७ रोजी ४६ विरुद्ध २३ मतांनी घटना मंजूर झाली. हरलेल्यांपैकी एकवीस जणांनी, त्यांत फिंडली होते, आपले भिन्नमत छापून प्रसिद्ध केले आणि त्यात दुरुस्त्या सुचवल्या. १७९१ मध्ये हक्कांची सनद घटनेला जोडली गेली तेव्हा त्यातील सातव्या दुरुस्तीने दिवाणी ज्यूरीची हमी दिली. तोवर फिंडली यांनी निकाल मान्य केला होता. १७८९-९० च्या राज्य परिषदेत तर त्यांनी त्याच विल्सन यांच्याबरोबर काम करून राज्यासाठी द्विगृही विधिमंडळाची व्यवस्था उभी करण्यास हातभार लावला. काँग्रेसमध्येही त्यांनी आपला जुना संशय सोडला नाही. अर्थमंत्री अलेक्झांडर हॅमिल्टन यांच्याकडून आयत्या वित्तयोजना मागवण्याऐवजी ते काम सभागृहाने स्वतः करावे, असे त्यांचे मत होते. हरलेला पक्ष नियम पाळून आत राहतो आणि आतूनच भांडतो, याला विसंगती म्हणणे आम्हाला पटत नाही. शिवाय सदस्यांना सरकारी तिजोरीतून दररोज ६ डॉलर भत्ता मिळण्याची तरतूद नव्या व्यवस्थेतच होती, आणि तिच्यावाचून डोंगरापलीकडचा शेतकरी महिनोन्‌महिने राजधानीत राहू शकला नसता.

प्रश्न : व्हिस्कीच्या बंडाचे ते पुढारी होते असे वाचले. खरे आहे काय? (एक वाचक, कोल्हापूर)

नाही. ते कराचे विरोधक होते, बंडाचे पुढारी नव्हते. हा फरक हॅमिल्टन यांनी मुद्दामच पुसट केला असे फिंडली यांना अखेरपर्यंत वाटत राहिले.

केंद्राने १७९१ मध्ये व्हिस्कीवर बसवलेल्या अबकारी कराने पश्चिमेकडील शेतकरी का खवळला हे समजण्यासाठी घोड्याच्या पाठीवरचे ओझे लक्षात घ्यावे लागते. एक घोडा डोंगरापार चार बुशेल, म्हणजे साधारण शंभर किलो, राय धान्य नेऊ शके. त्याच धान्याची घरच्या भट्टीत व्हिस्की केली तर चोवीस बुशेलांचा माल तोच घोडा वाहून नेई. रोकड दुर्मिळ असलेल्या त्या भागात व्हिस्की चलनासारखीही वापरली जाई. कर मात्र रोख भरायचा, तोही माल विकण्याआधी, आणि कर चुकवल्याचा खटला चालायचा फिलाडेल्फियाच्या केंद्रीय न्यायालयात. जुलै १७९४ मध्ये समन्स बजावण्यावरून ठिणगी पडली आणि कर निरीक्षक जॉन नेव्हिल यांचे बोवर हिल येथील घर जमावाने जाळले.

फिंडली यांनी लोकांना कायद्यापुढे नमते घेण्याचा सल्ला दिला. ऑक्टोबरमध्ये पश्चिमेकडील सभेने त्यांना आणि डेव्हिड रेडिक यांना राष्ट्राध्यक्ष वॉशिंग्टन यांच्याकडे धाडले. कार्लाइल येथील लष्करी तळावर दोघांनी त्यांची भेट घेऊन सांगितले की लोक शांत झाले आहेत, फौज पुढे नेण्याची गरज नाही. वॉशिंग्टन यांनी ऐकून घेतले आणि त्या भेटीची नोंद आपल्या दैनंदिनीत तपशीलाने केली, पण सुमारे तेरा हजारांची फौज मागे फिरली नाही. फौजेला लढायला कोणी सापडलेच नाही. पकडलेल्यांपैकी दोघांना राजद्रोहाबद्दल मृत्युदंड झाला आणि वॉशिंग्टन यांनी त्यांना माफी दिली. हॅमिल्टन यांनी चौकशीत आपल्याविरुद्ध पुरावा मिळवण्यासाठी साक्षीदारांवर दडपण आणले, असा आरोप फिंडली यांनी १७९६ मध्ये प्रसिद्ध केलेल्या बंडाच्या इतिहासात केला आहे. तो ग्रंथ बचावाचा आहे, हे ध्यानात ठेवूनच वाचावा. तरी करामागची गाऱ्हाणी समजून घेण्यासाठी त्याला पर्याय नाही. जेफर्सन यांच्या कारकिर्दीत, १८०२ साली, तो कर रद्द झाला.

प्रश्न : फिंडली यांच्या 'सामान्य माणसा'त कोण कोण मोडत होते? (एक विद्यार्थिनी, औरंगाबाद)

प्रश्न रास्त आहे, आणि उत्तर त्यांच्या गौरवात भर घालणारे नाही. कर भरणारा स्वतंत्र पुरुष एवढीच ती व्याख्या होती. स्त्रिया तिच्या बाहेर होत्या. मूलनिवासी तर बाहेरच नव्हे, विरोधात होते : ज्या वेस्टमोरलंडमध्ये फिंडली यांनी शेत उभे केले, ती भूमी १७६८ च्या फोर्ट स्टॅनविक्सच्या तहात इरोक्वॉय संघाकडून विकत घेतल्याचे दाखवले गेले, पण तेथे प्रत्यक्ष वावरणाऱ्या लेनापे आणि शॉनी लोकांची संमती त्यात नव्हती. फिंडली तेथे स्थायिक होत होते त्याच सुमारास, १७८२ मध्ये, पश्चिम पेनसिल्व्हेनियाच्या शिबंदीने ओहायोतील ग्नाडेनहुटेन येथे ख्रिस्ती झालेल्या निःशस्त्र लेनापे स्त्री-पुरुष-मुलांची कत्तल केली, आणि त्याच वर्षीच्या जुलैमध्ये सेनेका योद्ध्यांनी व इंग्रजांनी वेस्टमोरलंडचे मुख्य ठिकाण हॅनास्टाउन जाळले. सरहद्दीवरच्या मतदारांचा प्रतिनिधी या वैरापासून अलिप्त असणे शक्यच नव्हते.

धर्माच्या बाबतीत मात्र त्यांची व्याख्या त्यांच्या अनेक धर्मबांधवांपेक्षा रुंद होती. सॅम्युअल वायली या धर्मोपदेशकाने १८०३ मध्ये असे प्रतिपादन केले होते की, ख्रिस्ताची सत्ता न मानणारे आणि पाखंडाला मोकळीक देणारे अमेरिकन सरकार नैतिकदृष्ट्या वैध नाही. सत्तरी गाठलेल्या फिंडली यांनी १८१२ मध्ये त्याला ग्रंथरूपाने उत्तर दिले. माणसाच्या सदसद्विवेकावर सरकारचा अधिकार चालत नाही, आणि पाखंडाला शिक्षा करणे हे दंडाधिकाऱ्याचे काम नाही, हे त्यांनी बायबल आणि इतिहास या दोहोंच्या आधारे मांडले. ज्या कडव्या प्रेस्बिटेरियन परंपरेत ते वाढले, तिच्याशीच हा झगडा होता, म्हणून आम्हाला तो बँकेच्या वादाइतकाच धीट वाटतो.

प्रश्न : १८१७ मध्ये पेनसिल्व्हेनियाचे गव्हर्नर झालेले ते हेच काय? (एक वाचक, पणजी)

नाही. ते विल्यम फिंडले. आडनावाचा उच्चार आणि लेखन जवळचे असल्यामुळे घोटाळा होतो. गव्हर्नर फिंडले १७६८ मध्ये पेनसिल्व्हेनियातच जन्मले, १८१७ ते १८२० या काळात गव्हर्नर होते आणि नंतर अमेरिकेच्या सिनेटवर गेले. आपले विणकर फिंडली त्याच १८१७ साली काँग्रेसमधून निवृत्त होऊन वेस्टमोरलंडला परतले, त्यामुळे जुन्या निर्देशिकांत दोघांच्या नोंदी एकमेकांत मिसळलेल्या आढळल्यास जन्मवर्ष पाहून खात्री करून घ्यावी.